बँकॉकची दिवसभराची गाईडेड टूर: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बँकॉकला निघालेली माणसं मला बहुतेक रात्री साडेदहानंतर मेसेज करतात, आणि प्रश्न फिरून तेच असतात. म्हणून एकदाचे सगळे इथे उतरवून काढले. आधी सोपे, मग अडचणीचे. एकाचं उत्तर दुसऱ्यात आलं असेल तिथे त्या प्रश्नाचा आकडा दिला आहे. तिकिटांचे दर आणि वेळा अधूनमधून बदलतात, तेव्हा निघायच्या आठवड्यात एकदा बघून घ्या. आणि हो, खाली 'वात' हा शब्द सारखा येईल. थाई भाषेत वात म्हणजे मंदिर आणि विहाराचा अख्खा परिसर. दुपारी दोनच्या उन्हात सातवं मंदिर दाखवलं की येतो तो वात वेगळा.

१. दिवसभराची टूर म्हणजे नेमके किती तास आणि काय काय दाखवतात?

साधारण सकाळी आठ ते संध्याकाळी चार-पाच. गाभा सगळ्यांचा सारखाच असतो: ग्रँड पॅलेस आणि त्याच्याच आवारातलं वात फ्रा केओ, तिथून थोडं चालत वात फो, मग होडीने चाओ फ्राया नदी ओलांडून वात अरुण. मध्ये कुठेतरी जेवण. यात कोणी थोनबुरीच्या कालव्यांतून लांब शेपटीच्या होडीची फेरी घालतं, कोणी चायनाटाउन, कोणी फुलबाजार.

ही तीन ठिकाणं नुसती जवळजवळ आहेत म्हणून एकत्र बांधलेली नाहीत. १७६७ मध्ये बर्मी सैन्याने तेव्हाची राजधानी अयुथ्या जाळली, राजा ताकसिनने नदीच्या पश्चिम काठावर थोनबुरीत राजधानी मांडली, आणि १७८२ मध्ये त्याच्यानंतरच्या राजाने, म्हणजे 'पहिला राम' म्हणून ओळखल्या जाणाऱ्या राजाने, ती पूर्व काठावर आणली. वात अरुण त्या काठाचं, राजवाडा या काठाचा. मधली पाच मिनिटांची होडी म्हणजे एका राजवटीतून दुसरीत जाणं आहे. गाईडने हे होडीत बसण्याआधी सांगितलं तर गाईड चांगला.

माहितीपत्रकात आठ-नऊ ठिकाणं लिहिलेली दिसली तर ती टूर मी घेत नाही. तेवढी ठिकाणं बसच्या काचेतूनच होतात.

२. आमच्या पॅकेजमध्ये 'बँकॉक सिटी टूर' आहेच. मग वेगळी कशाला घ्यायची?

त्या ओळीच्या खाली काय लिहिलंय ते वाचा. आपल्याकडच्या बऱ्याच पॅकेजांत सिटी टूर म्हणजे अर्धा दिवस असतो: वात त्रायमितचा सोन्याचा बुद्ध, संगमरवरी मंदिर किंवा आडवा बुद्ध, आणि रत्नांचं दुकान. ग्रँड पॅलेस त्यात नसतो. असला तर बारीक अक्षरात 'बाहेरून' असं लिहिलेलं असतं. राजवाड्याचं तिकीट महाग, त्यात चालायचं खूप आणि वेळही जातो, म्हणून गाळायला तोच पहिला.

या यादीतलं वात त्रायमित मात्र कमी लेखू नका. तिथली तीन मीटर उंचीची, साडेपाच टनांची सोन्याची मूर्ती कित्येक वर्षं चुन्याच्या गिलाव्याखाली झाकलेली होती. १९५५ मध्ये हलवताना गिलावा फुटला आणि आतलं सोनं दिसलं. तेवढी गोष्ट ऐकायला अर्धा तास द्यायला हरकत नाही. दुकानाचं काय करायचं ते प्रश्न १३ मध्ये.

३. गाईड खरंच लागतो का? मोबाईलवर सगळं वाचता येतं की.

वात अरुणला नाही लागत. वात फोला लागलाच तर थोडासा. पण ग्रँड पॅलेसला घ्या, आणि आपण मराठी माणसांनी तर नक्की घ्या.

वात फ्रा केओच्या भोवतीच्या ओवरीत १७८ चित्रांत 'रामकियन' रंगवलं आहे. रामकियन म्हणजे थाई रामायण. चित्रं प्रदक्षिणेच्या दिशेने वाचत जायची. आपण आत शिरतो ते 'हे तर आपलंच' अशा थाटात, आणि पाच मिनिटांत गोंधळतो. राम, सीदा, लाक ही नावं ओळखू येतात. हिरव्या तोंडाचा थोत्साकान म्हणजे रावण हे कळायला जरा वेळ लागतो, मग उलगडतं की तो 'दशकंठ'च आहे. पांढरा वानर हनुमान आहे, पण हा हनुमान ब्रह्मचारी नाही. रावणाची मत्स्यकन्या सुफान मच्छा सेतूचे दगड पळवते, हनुमान तिच्या मागे पाण्यात उतरतो आणि तिच्या प्रेमात पडतो. त्यांचा मुलगा मच्छानु. आपल्याकडे मकरध्वजाचा जन्म घामाच्या थेंबावर भागवला आहे, थाई लोकांनी आडपडदा ठेवलेला नाही.

एका चित्रात अवाढव्य झालेला हनुमान रामाचा अख्खा तंबू तोंडात धरून बसला आहे. गाईडशिवाय हे चित्र चमत्कारिक वाटतं. मैयराप नावाचा राक्षस रामाला पळवून पाताळात नेणार असतो, म्हणून हा पहारा. आजीकडून अहिरावण-महिरावणाची गोष्ट ऐकलेली असेल तर तिथे एकदम ओळख पटते. माझ्यासोबतच्या एका काकांनी पुढची गोष्ट गाईडला सांगायला सुरुवात केली, गाईड त्यांना थाई आवृत्ती सांगत राहिला, आणि आमचा ग्रूप वीस मिनिटं मागे पडला. त्या दिवसातली ती सगळ्यात चांगली वीस मिनिटं होती.

शिवाय राजवाड्यात पाट्या फार कमी आहेत. चक्री महाप्रासाद ही इमारत खालून युरोपीय आणि वर थाई छप्पर अशी का आहे, तिला 'मुकुट घातलेला गोरा' असं का म्हणतात, वात फ्रा केओच्या आवारात कंबोडियातल्या अंगकोर वातची प्रतिकृती कशाला, हे सांगायला माणूसच लागतो.

४. मराठी किंवा निदान हिंदी बोलणारा गाईड मिळेल का?

थायलंडमध्ये गाईडचा व्यवसाय कायद्याने थाई नागरिकांसाठी राखीव आहे आणि त्याला परवाना लागतो. म्हणून पुण्या-मुंबईहून निघणाऱ्या ग्रूपबरोबर मराठी टूर मॅनेजर असला तरी ठिकाणावर माहिती द्यायला स्थानिक गाईड असतो. टूर मॅनेजर राजवाड्यात गप्प झाला तर त्याला माहीत नाही असं समजू नका, त्याला तिथे बोलायची परवानगी नसते.

हिंदी येणारे थाई गाईड आहेत, पण आधी सांगून ठरवावे लागतात आणि त्यांची हिंदी बहुधा खरेदी-जेवणापुरती चांगली असते. इंग्रजी टूरमध्ये थाई उच्चारांची सवय व्हायला अर्धा तास लागतो. घरात कोणाला इंग्रजी जड जात असेल तर रामकियनची नावं आदल्या रात्री सांगून ठेवा (प्रश्न ३), निम्मं काम होतं. परवाना असलेल्या गाईडच्या गळ्यात ओळखपत्र असतं. ते बघायला मागितलं तर कोणी रागावत नाही.

५. ग्रूपमध्ये जावं की खासगी गाडी-गाईड करावा?

दोघंच असाल तर ग्रूप. चार-सहा जण असाल तर खासगीचा हिशेब माणशी फारसा वर जात नाही, आणि आई-बाबा किंवा लहान मुलं असतील तर मी डोळे मिटून खासगीच सांगते. फरक गाडीचा नसतो, थांबण्याचा असतो. ग्रूपला स्वच्छतागृह, पाणी, फोटो या सगळ्याला ठरलेली मिनिटं असतात.

तिसराही एक मार्ग आहे: फक्त गाईड घ्या, गाडी नको. जुन्या शहरातली वाहतूक सकाळी नऊनंतर अशी तुंबते की गाडी हे सुख राहत नाही. प्रातुनाम किंवा सुखुमवित भागातल्या हॉटेलातून बीटीएसने, म्हणजे उन्नत रेल्वेने, सफान ताकसिन स्टेशन गाठायचं आणि समोरच्या साथोर्न धक्क्यावरून नारिंगी झेंड्याच्या बोटीने नदीतून वर जायचं. किंवा एमआरटीने, म्हणजे मेट्रोने, सनाम चाय स्टेशनला उतरायचं, तिथून वात फो चालत आहे. गाईडला तिथेच भेटा.

६. तिकिटं टूरच्या पैशांत असतात का?

निम्म्या टूरमध्ये नसतात, आणि भांडणं इथेच होतात. परदेशी माणसाला ग्रँड पॅलेस ५०० बाट, वात फो ३०० आणि वात अरुण २०० असे दर आहेत. तिन्ही मिळून माणशी १००० बाट. बाट साधारण अडीच ते तीन रुपयांत धरा, म्हणजे चौघांच्या कुटुंबाला दहा-बारा हजार रुपये नुसत्या तिकिटांचे. टूर 'स्वस्त' वाटली असेल तर हा आकडा मिळवून पुन्हा बघा. थाई नागरिकांना राजवाडा फुकट असतो, त्यावरून तिथे वाद घालण्यात अर्थ नाही. ताजमहालाच्या तिकीटखिडकीवर आपणही परदेशी माणसाला वेगळा दर लावतो.

राजवाड्याच्या तिकिटात राणी सिरिकित वस्त्रसंग्रहालय आणि साला चालेर्मक्रुंग नाट्यगृहातला खोन नृत्याचा छोटा खेळही धरलेला असतो. खोन म्हणजे मुखवटे घालून सादर केलेलं तेच रामकियन. बहुतेक टूरवाले हे सांगतच नाहीत, कारण त्यांच्या वेळापत्रकात ते बसत नाही. तिकीट जपून ठेवा.

यूपीआयवर विसंबू नका. रोख बाट जवळ हवेतच, होडीला आणि वात फोमधल्या नाण्यांना (प्रश्न ११) तर नक्कीच.

७. कपडे काय घालायचे? खरंच परत पाठवतात?

राजवाड्यात खरंच पाठवतात. खांदे आणि गुडघे झाकलेले हवेत, पुरुषांचेही. हाफ पँट, थ्री-फोर्थ, बिनबाह्यांचं काहीही, फाटकी जीन्स, अंगाला चिकटलेली लेगिंग चालत नाही. बिनबाह्यांच्या कुर्त्यावर ओढणी घेऊन भागवू असं म्हणाल तर बरेचदा चालवून घेत नाहीत. साडी, सलवार-कमीज, कुर्ता-पायजमा उत्तम. बाहेर हत्तींच्या नक्षीच्या ढगळ पँटी विकायला असतात. आपल्याकडून एकजण तरी ती घेतोच, आणि घरी आल्यावर वर्षभर पायजमा म्हणून वापरतो.

चपला-बुटांबद्दल कोणी विचारत नाही, पण तो मुद्दा मोठा आहे. दिवसातून चार-पाच वेळा काढावे लागतात. नाडीचे बूट नकोत. आणि पिशवीत पातळ मोजे ठेवा, दुपारी तापलेल्या फरशीवरून अनवाणी चालताना आठवण काढाल.

८. कुठल्या महिन्यात जावं? एप्रिलच्या सुट्टीत चालेल का?

नोव्हेंबर ते फेब्रुवारी सगळ्यात बरा. एप्रिल सगळ्यात वाईट, आणि मुलांच्या सुट्ट्या नेमक्या तेव्हाच. जायचंच असेल तर राजवाडा उघडतो साडेआठला, त्या वेळी दारात उभे राहा आणि साडेदहापर्यंत बाहेर पडा. आत सावली जवळजवळ नाही. तेरा ते पंधरा एप्रिलला सोंगक्रान म्हणजे थाई नववर्षाचा सण असतो, तेव्हा रस्त्यात बादल्यांनी पाणी ओततात. टूर म्हणून तो दिवस वाया, रंगपंचमी म्हणून झकास.

पावसाळा मे ते ऑक्टोबर. मुंबईसारखा दिवसभर धरून बसत नाही, बहुधा दुपारनंतर तासभर कोसळतो आणि थांबतो. पावसासाठी टूर रद्द होत नाही.

९. शाकाहारी जेवण मिळेल का? आणि जैन?

टूरमध्ये धरलेलं जेवण बहुधा बुफे असतं आणि 'व्हेज' म्हणजे त्यांच्या लेखी वर मटणाचे तुकडे न दिसणं. मासळीचं पाणी म्हणजे नाम प्ला, कोळंबीची चटणी म्हणजे कापी, आणि ऑयस्टर सॉस, ही तिन्ही भाजीत मुरलेली असतात, डोळ्यांना दिसत नाहीत. बुकिंग करतानाच लेखी सांगा.

नेमका शब्द आहे 'जे'. पिवळ्या फलकावर लाल अक्षरात लिहिलेला असतो. जे म्हणजे मांस, मासे, अंडं, दूध यांतलं काही नाही, आणि कांदा-लसूणही नाही. 'मांगसवीरात' हा दुसरा शब्द नुसत्या शाकाहाराचा, त्यात अंडं येऊ शकतं. जैन मंडळींना जे जवळचं पडतं, पण मुळा, गाजर, बटाटा त्यात चालतो, तेवढं बघावं लागतं. चिनी पंचांगाच्या नवव्या महिन्यात नऊ दिवस शाकाहाराचा उत्सव असतो, तो बहुतेक वर्षी आपल्या नवरात्राच्याच आसपास येतो. तेव्हा चायनाटाउनमधला याओवारात रस्ता पिवळ्या झेंड्यांनी भरलेला असतो आणि शाकाहाऱ्यांची चैन असते.

सगळं फसलं तर फाहुरात. वात फोपासून फार लांब नाही. कापडबाजार, गुरुद्वारा आणि भोवती भारतीय खानावळी. खाण्याच्या पाकिटावर २५६९ असं साल दिसलं तर घाबरू नका, ते बौद्ध संवत आहे. ५४३ वजा करा.

१०. आई-बाबा सत्तरीचे आहेत. त्यांना झेपेल का?

वेळापत्रक जसंच्या तसं नाही झेपणार. राजवाड्याचं आवार सपाट असलं तरी उंबरे उंच आहेत आणि बसायला जागा कमी. वात फो सगळ्यात सोपं. वात अरुणच्या पायऱ्या इतक्या उभ्या आहेत की उतरताना तरुणही कठडा धरून पाठमोरे उतरतात. वर नाही गेलात तरी बिघडत नाही. चिनी मातीच्या भांड्यांचे तुकडे बसवून केलेली फुलं खालच्या टप्प्यावर जास्त नीट दिसतात.

त्यांना सांभाळायची खरी जागा म्हणजे होडीचा धक्का. तो हलत असतो आणि होडीवाले थांबत नाहीत. गाईडला आधी सांगा, तो हात देतो.

माझ्या मते ज्येष्ठांसाठी क्रम असा: सकाळी राजवाडा, मग जेवण आणि एसी, मग वात फो, आणि तिथेच अर्धा तास पायांचा मसाज. हे मंदिर थाई मसाजचं जुनं विद्यापीठ मानलं जातं. त्याच्या भिंतींवर औषधं आणि शरीराच्या नाड्या कोरलेल्या आहेत आणि मसाजची शाळा आजही चालू आहे. वात अरुण काठावरूनच बघा.

११. लहान मुलं कंटाळतील का?

राजवाड्यात कंटाळतील. त्यांना दारावरचे राक्षस दाखवा, ते त्यांना आवडतात. वात फोमध्ये मात्र हमखास रमतात. ४६ मीटर लांब आडवा बुद्ध, त्याची १५ मीटर उंची, शिंपल्याच्या कामाचे तळवे, आणि पाठीमागे ओळीने ठेवलेली १०८ काशाची भांडी. वीस बाटची सुटी नाणी घ्यायची आणि एकेक भांड्यात टाकत जायचं. अख्ख्या दालनात तो टणटण आवाज भरून असतो. नाणी भांड्यांना पुरतीलच असं नाही, मोजून द्या, नाहीतर भांडण.

वात अरुणबाहेर थाई पोशाख भाड्याने मिळतात, मोठ्या मुलींना तेवढं पुरतं. १२० सेंटीमीटरपेक्षा कमी उंचीच्या मुलांना राजवाड्याचं आणि वात फोचं तिकीट नाही.

१२. राजवाड्याच्या दारात एकाने सांगितलं की आज बंद आहे. खरं असू शकतं?

जवळजवळ कधीच नाही. नीटनेटके कपडे, गोड बोलणं, 'आज बौद्ध सण आहे, दुपारी उघडेल, तोवर वीस बाटमध्ये टुकटुकने फिरवून आणतो.' ही फसवणूक इतकी जुनी आहे की राजवाड्याबाहेर तिच्याविरुद्ध घोषणा होत असतात. टुकटुक म्हणजे तिथली रिक्षा. ती एक-दोन मंदिरं दाखवते आणि मग रत्नांच्या किंवा सूटच्या दुकानात नेऊन सोडते. चालकाला तिथून पेट्रोलचं कुपन मिळतं. उत्तर द्यायला थांबू नका, सरळ तिकीटखिडकीपर्यंत चालत जा. त्रास झालाच तर पर्यटक पोलिसांचा नंबर ११५५.

खरंच बंद असण्याचे दिवसही असतात. ते प्रश्न १८ मध्ये.

१३. टूरमध्ये रत्नांच्या दुकानात नेतातच का? नाही म्हणता येतं का?

बुक करताना 'खरेदीचा थांबा नको' हे लेखी मागा. काही जण थोडे जास्त पैसे घेऊन तो काढून टाकतात, ते पैसे द्या. एकदा बस तिथे गेली की तुम्ही नको म्हणून बसत नाही, ग्रूप जातो तिथे तुम्हीही जाता. मी एकदा एका ग्रूपबरोबर तिथे पन्नास मिनिटं काढली आणि त्याच टूरमध्ये वात फोला पंचवीस मिळाली. त्या कंपनीचं नाव सांगण्यात मुद्दा नाही, तो दोष एका कंपनीचा नाही.

आवडलं म्हणून अंगठी घ्यायला काहीच हरकत नाही, थायलंड माणिक आणि नीलम यांचा मोठा बाजार आहे. 'भारतात दुप्पट किमतीला विकाल' असं कोणी म्हणालं की मात्र उठा.

१४. मूर्तीसमोर आपण नेहमीसारखा नमस्कार केला तर चालतो ना? फोटो?

नमस्कार चालतो, त्यांचा 'वाय' तसाच आहे. साष्टांग घातला तरी कोणी अडवत नाही. चूक होते ती पायांची. बसताना तळवे मूर्तीकडे करायचे नाहीत, पाय मागे दुमडून बसायचं. भिक्खूंना बायकांनी स्पर्श करायचा नाही, चुकून धक्काही लागू द्यायचा नाही.

वात फ्रा केओमधल्या पाचूच्या बुद्धाच्या गाभाऱ्यात फोटो अजिबात नाही. नाव पाचूचा असलं तरी तो हिरव्या जेड जातीच्या दगडाचा आहे आणि उंचीने जेमतेम ६६ सेंटीमीटर, उंच सिंहासनावर. त्यामुळे 'एवढासाच?' असं लोक म्हणतात. वर्षातून तीनदा, ऋतू बदलला की खुद्द राजा त्याचे कपडे बदलतो: उन्हाळ्याचा, पावसाळ्याचा, थंडीचा. आज कुठला पोशाख आहे ते गाईडला विचारा. पंढरपुरात किंवा तुळजापुरात पोशाख बघितलेल्या माणसाला ते लगेच कळतं.

राजघराण्यावर विनोद करू नका, मराठीतही नको. कलम ११२ खाली तीन ते पंधरा वर्षं कैद आहे. आणि ई-सिगारेट खिशात असेल तर ती भारतातच सोडा, थायलंडमध्येही बंदी आहे.

१५. पाळी चालू असताना मंदिरात गेलं तर?

या टूरमधल्या बँकॉकच्या बौद्ध मंदिरांत कोणी विचारत नाही आणि तशी पाटीही नाही. जायचं की नाही हे तुमचं तुम्ही ठरवा. स्वच्छतागृहं सगळीकडे आहेत आणि पाण्याचा फवाराही असतो. हा दुसरा प्रश्नही पुष्कळजणी विचारतात, म्हणून सांगून टाकलं.

१६. त्याच दिवसात तरंगता बाजार किंवा अयुथ्याही होईल का?

नाही. दाम्नोएन सादुआकचा तरंगता बाजार शहरापासून सुमारे शंभर किलोमीटर नैऋत्येला, अयुथ्या ऐंशी किलोमीटर उत्तरेला. दोन्ही वेगळे दिवस मागतात. 'सगळं एका दिवसात' असं लिहिलेलं दिसलं तर त्यातला राजवाडा बाहेरून आहे हे धरून चाला (प्रश्न २). एकच निवडायचं असेल तर मी अयुथ्या निवडते. त्या नावात आपली अयोध्या आहे.

१७. विमान पहाटे उतरतं. त्याच दिवशी टूर घ्यावी का?

मुंबईहून चार-साडेचार तास, बरीच विमानं रात्रीची, आणि थायलंडचं घड्याळ दीड तास पुढे. म्हणजे पहाटे पाचला उतरता तेव्हा शरीराच्या लेखी रात्रीचे साडेतीन असतात. त्यावर बँकॉकचं ऊन. लोक वात फोच्या आडव्या बुद्धाकडे हेव्याने बघतात. पर्याय नसेलच तर सामान हॉटेलात टाका, आंघोळ करा आणि दुपारची अर्ध्या दिवसाची घ्या: वात फो, होडी, वात अरुण. राजवाडा दुसऱ्या सकाळी. साडेतीननंतर तिकीट मिळत नाही.

विमान पकडण्याआधी थायलंडचं डिजिटल आगमन कार्ड भरायला विसरू नका. मे २०२५ पासून ते सक्तीचं आहे, पोहोचायच्या आधीच्या तीन दिवसांत भरायचं, आणि ते फुकट आहे. त्याचे पैसे मागणारी संकेतस्थळं खोटी. व्हिसाचे नियम बदलते आहेत, ते दूतावासाच्याच संकेतस्थळावर बघा.

१८. राजसोहळ्यामुळे राजवाडा बंद निघाला तर पैसे परत मिळतात का?

राजा तिथे राहत नाही, पण सोहळे तिथेच होतात. तेव्हा कधी एखादा भाग, कधी पूर्ण आवार बंद असतं. राजवाड्याच्या अधिकृत संकेतस्थळावर आधी सूचना येते. टूरवाले अशा वेळी दुसरं ठिकाण 'बदली' दाखवतात आणि परतावा देत नाहीत, म्हणून बुक करताना एवढंच विचारा: बदली कोणती, आणि ५०० बाट परत का? बदली म्हणून वात बेंचामाबोफित म्हणजे संगमरवरी मंदिर मिळालं तर तक्रार करू नका, इटलीहून आणलेल्या संगमरवराचं ते मंदिर सुंदर आहे. बदली म्हणून दुकान मिळालं तर करा.

१९. टिप किती द्यायची?

थायलंडमध्ये सक्ती नाही. दिवस चांगला गेला तर मी गाईडला माणशी शंभर बाटच्या आसपास देते, चालकाला त्याहून कमी. आपल्याकडच्या ग्रूप टूरमध्ये टिप आधीच वसूल केलेली असते, पावती बघा.

२०. बुद्धाची मूर्ती आणता येते का?

गळ्यातलं छोटं ताईत वगैरे कोणी बघत नाही. मूर्ती नेण्यासाठी मात्र थायलंडच्या ललितकला विभागाचा परवाना लागतो. चांगला दुकानदार तो काढून देतो, पण त्याला काही दिवस लागतात. तुमची टूर परवा संपत असेल तर मोह आवरा. त्या विभागाचं बोधचिन्ह गणपती आहे. थाई भाषेत त्याला 'फ्रा फिकानेत' म्हणतात, म्हणजे आपला विघ्नेश.

२१. मी दुसऱ्यांदा जाते आहे. तीच टूर परत घेऊ का?

नको. यावेळी गाईडला म्हणा, राजवाडा सोडून जुनं शहर दाखव. वात सुथातसमोर लाल रंगाचा उंच लाकडी झोपाळा आहे. त्यावर झोके घेण्याचा ब्राह्मणी उत्सव १९३५ मध्ये बंद झाला. त्याच्याजवळच 'देवस्थान' नावाचं मंदिर आहे. १७८४ पासूनचं हे दरबारी ब्राह्मणांचं मंदिर, शिव, गणपती आणि विष्णू तीन वेगळ्या वास्तूंत. फार पर्यटक येत नाहीत. सिलोममधलं मारिअम्मन मंदिर तमिळ लोकांनी एकोणिसाव्या शतकात बांधलं, तिथे थाई माणसं झेंडूच्या माळा घेऊन रांगेत असतात.

आणि मे महिन्यात असाल तर राजवाड्यासमोरच्या सनाम लुआंग मैदानावरच्या नांगरणीच्या सोहळ्याची तारीख विचारून घ्या. देवस्थानातलेच ब्राह्मण तिथे असतात. पांढरे बैल नांगर ओढतात, मग त्यांच्यापुढे भात, मका, तीळ, गवत, पाणी, दारू असं मांडतात आणि बैल कशाला तोंड लावतो त्यावरून पीकपाणी सांगतात. आपल्या भेंडवळच्या घटमांडणीचाच हा दरबारी भाऊ. भाकीत झालं की दोरी सुटते आणि लोक मैदानात धावतात, पेरलेलं भात वेचायला.